मिलाग्रोसचे पांढरे बूट

आमच्या आईच्या अभ्यासाचा विषय कुणाला सांगायचा म्हणजे आधी बसायला जागा शोधावी लागायची. उभ्याउभ्या सांगून संपेल असा तो नव्हताच. आई पुण्यात स्पॅनिश शिकली, तिथेच शिकवायला लागली आणि मग मेक्सिको, पेरू, पोर्तोरिको असल्या देशांतून अमेरिकेत जाऊन राहिलेल्या लोकांच्या मुलाबाळांनी जी पुस्तकं लिहिली, त्यांच्या नादी लागली. पुस्तकं इंग्रजीत, पण त्यातली आजी तोंड उघडते ती स्पॅनिशमध्ये. लॅटिनो साहित्य म्हणतात त्याला. बाबांना कंपनीने नागोयाला पाठवलं तेव्हा आईने तिथल्या विद्यापीठात पीएचडीला नाव घातलं. म्हणजे मराठी बाई, जपानात बसून, अमेरिकेतल्या स्पॅनिश लोकांच्या इंग्रजी पुस्तकांवर प्रबंध लिहिणार. चिपळूणच्या आत्याने हे फोनवर ऐकलं आणि ती म्हणाली, "वहिनी, हा कसला हो द्राविडी प्राणायाम? जपानात जाऊन निदान जपानी तरी शिका." आई जपानी शिकलीही, पण भाजी आणण्यापुरतं. बाकी सगळा जीव त्या पुस्तकांत.

नागोयाच्या कडेला आम्ही ज्या वसाहतीत राहायचो तिला दान्ची म्हणतात. एकसारख्या पाच मजली इमारती, लिफ्ट नाही आणि प्रत्येक इमारतीच्या भिंतीवर भला मोठा आकडा, चुकून दुसऱ्याच्या घरात शिरू नये म्हणून. बाबांची कंपनी लहान होती. मोठ्या गाड्यांच्या कारखान्याला ब्रेकचे सुटे भाग पुरवायची. तिने आम्हाला चौथ्या मजल्यावर दोन खोल्या दिल्या होत्या. सकाळी समोरच्या बाल्कन्यांतून गाद्या बडवण्याचा धबधब आवाज यायचा, थंडीत रॉकेल विकणारी छोटी गाडी गाणं वाजवत फिरायची आणि संध्याकाळी पाच वाजता नगरपालिकेच्या कर्ण्यातून एक सूर वाजायचा. मुलांनो, घरी जा, असा त्याचा अर्थ. मला तो सूर अजून कुठे ऐकू आला की भूक लागते. कारण पाचनंतर बाबा यायचे आणि माशाच्या तयारीला लागायचे. जपानी साबा म्हणजे आपला बांगडाच, असा त्यांचा दावा होता. चिपळूणहून आणलेली तिरफळं ते सोन्यासारखी जपून वापरायचे. तांदूळ मात्र तिथला चिकट. वरणभात कालवला की त्याचा गोळा व्हायचा. बाबा म्हणायचे, "भात नाही हा, सिमेंट आहे. पोटात घर बांधा."

घराच्या मधोमध कोतात्सु होता. बुटकं टेबल, त्यावर रजई आणि आतून गरम करायची वीज. पाय आत घालून बसलं की उठवत नाही. जेवण त्यावर, माझा गृहपाठ त्यावर आणि आईचा प्रबंधही त्यावर. जेवताना आई पुस्तकातला उतारा घ्यायची आणि वाचता वाचता मराठी करून सांगायची. दोन भाषांच्या मधल्या उंबऱ्यावर उभ्या असलेल्या मुली, घरी एक बोलायचं, शाळेत दुसरं, आईची लाज वाटायची आणि लाज वाटली म्हणून रडू यायचं. आई अगदी तन्मय होऊन वाचायची. समोर मी बसलेली असायचे. शाळेत मुलांना साळवी म्हणता येत नसे, म्हणून ती मला सारुवी म्हणायची आणि सारु म्हणजे माकड, त्यामुळे पुढचं सांगायलाच नको. मी घरी मराठीत विचारलेल्या प्रश्नाला जपानीत उत्तर द्यायचे. पण आईचं लक्ष टेक्सासमधल्या मुलीकडे. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच, असं मला तेव्हा वाटायचं आणि रागही यायचा. आता माझा मुलगा मला जपानीत उत्तर देतो आणि मी त्याला रागावते, तेव्हा आईची आठवण येऊन हसू फुटतं.

मग एका रविवारी जिन्यात जिऱ्याचा वास आला. आई भाजीच्या पिशव्या घेऊन चढत होती, मी मागे. दुसऱ्या मजल्यावर ती थबकली. लसूण, कांदा आणि खमंग जिरं. जपानी स्वयंपाकात जिरं नसतं. आईला वाटलं, आपल्याकडचं कुणीतरी राहायला आलं. पिशव्या खाली ठेवून तिने सरळ बेल दाबली. दार उघडलं ते रोसाने. गोल चेहरा, हातात झारा, कमरेला टॉवेल खोचलेला. आतून रेडिओवर कुणीतरी भरभर स्पॅनिश बोलत होतं. आईने स्पॅनिशमध्ये काहीतरी विचारलं आणि रोसाच्या हातातला झारा खालीच पडला. आम्ही आत गेलो ते दुपार उलटून गेल्यावरच बाहेर पडलो. भाजीच्या पिशवीतलं आइस्क्रीम वितळून गेलं होतं.

रोसा पेरूची. तिचा नवरा एक्तोर, त्याचे आजोबा ओकिनावाहून पेरूला गेलेले, म्हणून जपानने नातवाला कामासाठी परत येऊ दिलं होतं. गाड्यांच्या सीटा बनवायच्या कारखान्यात तो होता. दिसायला अस्सल जपानी आणि जपानी बोलता येत नाही, त्यामुळे लोक त्याच्यावर आमच्यापेक्षा जास्त चिडायचे. आम्ही परके दिसायचो, आम्हाला माफ होतं. त्यांची मुलगी मिलाग्रोस माझ्याच शाळेत, माझ्याच वर्गात आली. पहिल्याच आठवड्यात कुणीतरी मला माकडाचा आवाज काढून दाखवला तेव्हा तिने त्याच्या डब्यातलं अंडं उचलून खाल्लं. त्याच्या डोळ्यांत बघत, सावकाश चावत. आमची मैत्री झाली ती अशी. आम्ही दोघी जपानीतच बोलायचो. मला स्पॅनिश येत नव्हतं, तिला मराठी. आमच्या आया आपसात बोलत असल्या की ती मला अर्थ सांगायची.

आईला तर घबाडच मिळालं. आजवर पुस्तकात भेटलेली माणसं दोन मजले खाली राहत होती आणि त्यांनी अमेरिकेऐवजी जपान गाठला होता. तिचे मार्गदर्शक ओकुमुरा-सेन्सेइ, म्हणजे ओकुमुरा सर, अमेरिकन साहित्याचे जुने प्राध्यापक. त्यांनी तिला एक प्रकरण या लोकांवर लिहायला परवानगी दिली, पण एका अटीवर. आपण बघायचं, ऐकायचं, टिपायचं, त्यांच्या जगण्यात बोट घालायचं नाही. बोट घातलं की आपण जे बघतो ते आपणच घडवलेलं असतं. आईने ही अट अशी मनावर घेतली की विचारू नका. ती रोसाच्या स्वयंपाकघरात टेपरेकॉर्डर लावून जमिनीवर बसायची आणि रोसा समोर बटाट्यांचा डोंगर सोलत असायची. आई हात लावायची नाही! दुसऱ्याच्या स्वयंपाकघरात हात जोडून बसायचं हे मराठी बाईला किती जड जातं ते मी सांगायला नको. तिची बोटं मांडीवर नुसती वळवळायची. रोसाला सुरुवातीला राग आला. मिलाग्रोसने मला सांगितलं, "आई विचारते, तुझ्या आईला बटाट्याचा विटाळ आहे का?" मी हे घरी सांगितलं तेव्हा आई कळवळली. म्हणाली, "काय करू गं? मी तिथे पाहुणी नाही, खिडकी आहे." बाबा भाताचा गोळा फोडत म्हणाले, "शुभा, खिडकीसुद्धा अधूनमधून पुसावी लागते."

त्या वर्षी मिलाग्रोसला पंधरावं लागणार होतं. पेरूच्या लोकांत मुलीचा पंधरावा वाढदिवस म्हणजे लग्नाच्या खालोखाल. झगा, केक, बापाबरोबर सगळ्यांसमोर नाच आणि सगळ्यात मोठा क्षण बुटांचा. मुलगी सपाट चपलेत येते, खुर्चीवर बसते, बाप गुडघ्यावर बसून तिच्या पायात उंच टाचांचे बूट घालतो आणि ती उठते ती बाई होऊन. आईच्या सगळ्या पुस्तकांत हा प्रसंग होता. आता तो ती डोळ्यांनी बघणार होती. प्रकरण त्याच्यावरच बेतलेलं होतं आणि वेळही कमी होता. बाबांची नेमणूक मार्चमध्ये संपणार होती. त्याआधी प्रबंध दिला नाही तर सगळं फुकट. आई चाळिशीची झाली होती. पुन्हा अशी संधी येणार नाही हे ती उघड म्हणायची नाही, पण कोतात्सुवर डोकं ठेवून झोपलेली दिसायची तेव्हा आम्हाला कळायचं.

आणि नेमकं तेव्हाच रोसाने तिला मद्रीना व्हायला सांगितलं. मद्रीना म्हणजे मानलेली आई. पंधराव्याला ती मुलीच्या खुर्चीमागे उभी राहते आणि मग जन्मभर तशीच मागे उभी राहते. रोसा बोलत होती तेव्हा मिलाग्रोस मला अर्थ सांगता सांगता एकदम गप्प झाली, त्यावरून मी ओळखलं की काहीतरी मोठं आहे. आईने टेप बंद केली नाही. हळू आवाजात, गोड बोलून, ती नाही म्हणाली. का नाही तेही सांगितलं. खिडकीचं, सेन्सेइंचं, सगळं. रोसाने मान डोलावली आणि पुढचा बटाटा उचलला. त्या दिवशी तिने आम्हाला जेवायला थांबवलं नाही. घरी आल्यावर आईने दहा माणसांना पुरेल एवढा भलताच स्वयंपाक केला आणि कुणीच धड जेवलं नाही. मी तिला विचारलं, "एवढं काय अवघड होतं गं हो म्हणायला?" ती म्हणाली, "हो म्हटलं असतं तर मग लिहिलं काय असतं?" मला तेव्हा वाटलं, ही बाई दगड आहे.

समारंभ वसाहतीच्या सभागृहात व्हायचा होता. किल्ली मोरिता-सानकडे, म्हणजे आपल्या भाषेत मोरिताबाईंकडे. मोरिता-सान म्हणजे वसाहतीच्या रहिवासी संघाच्या अध्यक्षा. सत्तरी पार केलेल्या, डोक्याला कायम फडकं बांधलेलं. कचऱ्याच्या दिवशी त्या पिशव्यांपाशी उभ्या राहायच्या. बाटलीचं झाकण काढलं नसेल तर पिशवी हातात घेऊन थेट दाराशी यायच्या आणि दुखवट्याला आल्यासारखा चेहरा करून ती परत करायच्या. पेरूच्या लोकांच्या गाण्यांबद्दल तक्रारी होत्या, तरी त्यांनी सभागृह दिलं. दुपारचं, अंधार पडायच्या आत आटपायचं, या बोलीवर. आम्ही चार मुली आणि चार मुलगे तिथे नाचाची तालीम करायचो. जमीन लाकडी, मेण लावून आरशासारखी केलेली. अर्थातच चपला बाहेर, आम्ही मोज्यांवर घसरत नाचायचो. पहिल्याच तालमीला आई कोपऱ्यात बसून बघत होती आणि घरी आल्यावर बाबांना म्हणाली, "अहो, इथे बूट कसे घालणार?" मी दुसऱ्या दिवशी हे मिलाग्रोसला सांगितलं. ती म्हणाली, "बाबांनी विचार केलाय. बूट नवे आहेत. खोक्यातून काढायचे ते थेट पायात. जमिनीला लागलेलेच नाहीत, मग ते अस्वच्छ कसे?" आई हे ऐकून इतकी खूश झाली की तव्यावरची पोळी करपू दिली. बघा, म्हणाली, त्यांनी आपला आपण मार्ग काढला, कुणी सांगावं लागलं नाही! ते तिने लगेच लिहूनही घेतलं.

समारंभाच्या दिवशी सभागृह ओळखू येईना. गुलाबी कागदाच्या माळा, खिडक्यांना फुगे, लांब टेबलावर पिवळ्या सॉसमध्ये बुडवलेले बटाटे, लिंबात मुरवलेली कच्ची मासळी आणि बाबांनी कुणी न सांगता आणलेले तळलेले बांगड्याचे तुकडे. बाबा काही खिडकी नव्हते. आईने मात्र मुद्दाम राखाडी स्वेटर घातला होता, साडी नाही. ती टेपरेकॉर्डर घेऊन भिंतीशी बसली. मिलाग्रोस आली ती फिक्या निळ्या झग्यात. झगा रोसाने स्वतः शिवलेला, शिवताना आई नेहमीसारखी शेजारी नुसती बसलेली. मी तिला रोज शाळेच्या गणवेशात बघत होते. मी तिचा झगा मागून नीट केला. आम्ही नाचाच्या मुली तिच्या मागे रांगेने आलो. ती खुर्चीवर बसली. खुर्चीमागची जागा रिकामी होती. रोसाने दुसऱ्या कुणालाच विचारलं नव्हतं, हे मला तेव्हा कळलं. आईलाही तेव्हाच कळलं असणार, कारण तिने मान खाली घातली.

एक्तोर गुडघ्यावर बसला, त्याने खोकं उघडलं. पांढरेशुभ्र, चकचकीत बूट. त्याने मिलाग्रोसच्या पायातली सपाट कापडी सपात काढली आणि एवढ्यात दाराशी बसलेल्या मोरिता-सान "अरे अरे अरे" करत उठल्या. मला वाटलं, जमिनीचं म्हणतायत. एक्तोरलाही तसंच वाटलं. त्याने मोडक्या जपानीत पाठ केलेलं वाक्य म्हटलं, बूट नवे आहेत, जमिनीला लागलेले नाहीत. त्यावर मोरिता-सानचा चेहरा आणखीच पडला. "नवे आहेत म्हणूनच!" त्या म्हणाल्या. घरात नवीकोरी पादत्राणं घालायची आणि तसंच बाहेर पडायचं, हे फक्त मयताच्या दिवशी करतात. प्रेताला खांदा देणारे पूर्वी असेच घरातून निघायचे. पंधरा वर्षांच्या पोरीला माझ्या सभागृहात हे मी करू देणार नाही. जमीन मळली, खरवडली तर मी पुसून घेईन, पण हे नाही.

मिलाग्रोसने हे तिच्या आईला स्पॅनिशमध्ये सांगितलं नाही. ती ओठ घट्ट मिटून बसली. पण दुसऱ्या कुणीतरी सांगितलं आणि रोसाने छातीवर क्रूस काढला. तिला तर मोरिता-सानपेक्षा जास्त भीती वाटली. ती एक्तोरला म्हणाली ते मला न कळताही कळलं. ठेव ते बूट, नको. एक्तोर बूट हातात धरून तसाच गुडघ्यावर. मी पुढे झाले आणि मोरिता-सानना म्हणाले, "या सगळ्या अंधश्रद्धा आहेत." शाळेत शिकलेला शब्द होता. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी पुन्हा रांगेत जाऊन उभी राहिले. संगीत थांबलं होतं. लोक आपसात कुजबुजायला लागले. मिलाग्रोस एक पाय उघडा ठेवून बसली होती आणि खाली बघत जपानीत, फक्त मला ऐकू येईल एवढ्या आवाजात म्हणाली, "मला हवेत गं ते."

मी आईकडे बघितलं. टेपची चाकं फिरत होती. पुस्तकात कुठेच नसलेलं काहीतरी तिच्यासमोर घडत होतं, तिच्या प्रकरणासाठी याहून मोठी देणगी नव्हती. नुसतं बसून राहायचं होतं. पेरूचे लोक आणि जपानी बाई काय करतात, बूट घालतात की ठेवून देतात, तेवढं टिपायचं होतं. ते ठेवून देणार हे उघड दिसत होतं. आई माझ्याकडे नाही, खुर्चीमागच्या त्या रिकाम्या जागेकडे बघत होती. मग खट् असा आवाज झाला. तिने टेप बंद केली होती.

ती उठून मोरिता-सानपाशी गेली. वाद घालायला गेली असती तर फुकट होतं, पण तिने वाद घातला नाही. तिच्या भाजी आणायच्या जपानीत तिने विचारलं, "मोरिता-सान, तुमच्या लहानपणी नवे बूट घरात घालायची वेळ आलीच, तर तुमची आई काय करायची?" मोरिता-साननी एकवार बुटांकडे बघितलं. मग फडक्याची गाठ सारखी करत म्हणाल्या, "आई भांड्याच्या बुडाची काजळी लावायची. बुटाच्या तळाला. मग ते नवे राहत नाहीत, वापरलेले होतात. पण आता कुणाकडे काजळी असते? सगळ्यांची भांडी गुळगुळीत." आई म्हणाली, "माझ्याकडे आहे," आणि मोज्यांवरच बाहेर पळत सुटली.

आमच्याकडे चिपळूणचा लोखंडी तवा होता, भाकरीचा. आजीच्या चुलीवर वर्षानुवर्षं तापलेला. त्याच्या पालथ्या बाजूला बोटभर जाड काळं कवच होतं. बाबा ते कुणाला घासू द्यायचे नाहीत, भाकरीची चव जाते म्हणायचे. आई चार मजले चढून उतरून आली ती धापा टाकत, तवा वर्तमानपत्रात धरून. सभागृहाच्या मधोमध तिने तो पालथा ठेवला. मोरिता-सान खाली बसल्या. आईने नखाने काजळी खरवडली, बाबांनी तळलेल्या बांगड्याच्या ताटातलं तेल बोटावर आणून दिलं आणि मोरिता-सानने अंगठ्याने दोन्ही बुटांच्या तळाला एकेक काळा ठिपका ओढला. ओढताना काहीतरी पुटपुटल्या. मग त्यांनी कपाटातून निळं प्लास्टिक काढलं, चेरी फुलल्यावर बागेत बसायला वसाहत जे वापरते ते. ते पसरलं आणि लगेच उचलून उलटं पसरलं, म्हणजे बसायची बाजू खराब व्हायला नको. आईच्या बोटाला काजळी उरली होती. ती पुसायला तिने इकडेतिकडे बघितलं आणि मग, मला नक्की माहीत आहे की तिने विचार केला नव्हता, ते बोट मिलाग्रोसच्या कानामागे टेकवलं. तीट लावली. रोसाने डोळ्यांनीच विचारलं, हे काय? मी मिलाग्रोसला जपानीत सांगितलं, दृष्ट लागू नये म्हणून. मिलाग्रोसने ते स्पॅनिशमध्ये सांगितलं आणि सगळ्या बायका एकदम "आऽ" म्हणाल्या. दृष्ट त्यांच्याकडेही लागते.

रोसा आली, तिने आईचा दंड धरला आणि तिला खुर्चीमागे नेऊन उभं केलं. आईने नाही म्हटलं नाही. एक्तोरने बूट घातले. मिलाग्रोस उठली, जरा डगमगली, मग सरळ झाली आणि आमच्या सगळ्यांपेक्षा उंच दिसायला लागली. बापलेक निळ्या प्लास्टिकवर नाचले. प्रत्येक पावलाला ते प्लास्टिक असं खसखसायचं की गाणं धड ऐकू येत नव्हतं. आई राखाडी स्वेटरमध्ये, काळी बोटं तशीच, खुर्चीमागे उभी राहून रडत होती. मीही रडत होते. मोरिता-सान दाराशी घड्याळ बघत उभ्या होत्या.

दुसऱ्या आठवड्यात आई सेन्सेइंकडे गेली. जायच्या आधी बाबा म्हणाले, "शुभा, टेप तर बंदच होती. तवा कुणी आणला ते प्रबंधात लिहायची काय गरज आहे? 'काजळी लावण्यात आली' असं लिही. कर्मणी प्रयोग." आई हसली, पण गेली आणि सगळं सांगितलं. सेन्सेइ रागावले असते तर बरं झालं असतं. ते म्हणे हळूच म्हणाले, साळवी-सान, तो विधी आता तुमचाही आहे, तो तुम्हाला बघितला म्हणून लिहिता येणार नाही, पुढच्या वर्षी दुसरा एखादा समारंभ बघा. पुढचं वर्ष आमच्याकडे नव्हतं. मार्चमध्ये आम्ही पुण्याला परतलो. निरोप द्यायला दान्चीतले सगळे खाली उतरले होते. रोसाने आईला कोमाद्रे म्हणून मिठी मारली. मुलीची आई आणि मद्रीना एकमेकींना तसं म्हणतात. आईचे कागद पुण्यात माळ्यावर गेले. ती पुन्हा स्पॅनिशचे वर्ग घ्यायला लागली. पुढची कितीतरी वर्षं नात्यातलं कुणी ना कुणी लग्नाकार्यात विचारायचं, "काय वहिनी, ते पीएचडीचं कुठवर आलं?" आई म्हणायची, "राहिलं." एवढंच. मला दर वेळी तिथून उठून जावंसं वाटायचं. ती चिडली असती, हळहळली असती तर मला सोपं गेलं असतं.

मी पुढे नोकरीसाठी पुन्हा जपानात आले. राजधानीत, तोयोसुला ऑफिस, एदोगावाला घर. मिलाग्रोस नागोयातच राहिली. गेल्या वर्षी तिच्या मुलीच्या पंधराव्याला मी गेले होते. आता तो समारंभ हॉटेलात होतो, जमिनीची भीती नाही, मोरिता-सान कधीच गेल्या. तरी बाप गुडघ्यावर बसला तेव्हा एका काकूने काळं लावलेली बशी पुढे केली, त्याने बुटांच्या तळाला ठिपका ओढला आणि मिलाग्रोसने मुलीच्या कानामागे बोट टेकवलं. मी थिजून बघत राहिले. मिलाग्रोस म्हणाली, "अगं, सगळेच करतात आता. इथले ब्राझीलवालेसुद्धा करायला लागलेत." तिथे एक जपानी मुलगी वहीत लिहीत बसली होती. हारुका-सान, विद्यापीठात याच लोकांवर प्रबंध लिहिते. तिने मला सांगितलं की ही प्रथा पेरूमधल्या कुणालाच माहीत नाही, बहुतेक डोंगरातल्या एखाद्या खेड्यातली जुनी असावी, मूळ अजून सापडलेलं नाही. मी तिला म्हटलं, "माझ्या घरी या."

ती एका रविवारी एदोगावाला आली. मी चहा केला आणि पुण्याला आईला फोन लावून स्पीकरवर ठेवला. आई आता सत्तरीच्या पुढे आहे, गुडघे दुखतात, कानाने जरा कमी ऐकू येतं. सुरुवातीला दोघी जपानीत अडखळल्या, मग हारुका-सानने स्पॅनिशमध्ये काहीतरी विचारलं आणि आईचा आवाजच बदलला. तासभर दोघी बोलत होत्या. मध्येच आई खळखळून हसायची, मध्येच थांबायची. मला काही कळत नव्हतं. मी नुसती ऐकत बसले होते आणि मला वाटत होतं, किती वर्षांनी हिला कुणीतरी हिच्या विषयाबद्दल विचारतंय. शेवटी हारुका-सानने पेन उचललं आणि मला जपानीत विचारलं, "आईंचं नाव मी प्रबंधात देणार आहे. नावापुढे काय लिहू? डॉक्टर की प्राध्यापक?"

मी फोनकडे बघितलं. आईने ते ऐकलं होतं. तिने फोनवरूनच स्पॅनिशमध्ये उत्तर दिलं, शांतपणे, लांबलचक. हारुका-सान लिहिता लिहिता थांबली, डोळे पुसले आणि पुन्हा लिहायला लागली. त्या उत्तरातला मला एकच शब्द कळला. मद्रीना.